अडवलेली वाट आणि ‘स्टे’चा जुना इतिहास



‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ ही म्हण आपण सगळ्यांनीच ऐकली आहे, पुढच्या पिढीला ऐकवलीही आहे. म्हण खोटी नाही. पण ज्याची वाट चालू आहे त्याच्यासाठी ती सोपी आहे. ज्याच्या दारापुढे कोणी भिंत घातली, त्या माणसाने काय करायचं, हे त्या म्हणीत नाही.

गेल्या काही महिन्यांत स्वाध्यायानंतरच्या गप्पांत हा विषय तीनदा निघाला. एकीच्या दिरांनी सामाईक बोळाला गेट बसवून कुलूप घातलं. एकीच्या माहेरच्या शेताकडे जाणारी पाणंद शेजाऱ्याने नांगरून टाकली. तिसरीच्या विधवा बहिणीला गच्चीचा जिना बंद झाला. तिघींचा प्रश्न एकच होता, “वकील म्हणतात स्टे घेऊ. पण स्टे म्हणजे नक्की काय गं?”

मी वकील नाही. बी.कॉम.ला मर्कंटाइल लॉचा पेपर होता, त्यात करार होते, हुंड्या होत्या. बोळ आणि पाणंद नव्हती. पण आकडे जुळेपर्यंत वही न मिटण्याची सवय त्या शिक्षणाने लावली. त्यामुळे वाचत गेले आणि लक्षात आलं की या ‘स्टे’ची गोष्ट फार जुनी आहे. ती गोष्ट कळली की आजची कोर्टाची रीतही आपोआप कळते.

आधी एक शब्द नीट करून घेऊ. आपण सरसकट स्टे म्हणतो, पण एखादा हुकूम किंवा कामकाज थांबवणं म्हणजे स्टे. समोरच्या माणसाला ‘हे करू नकोस’ असं कोर्टाने बजावणं म्हणजे मनाई हुकूम. दाव्याचा निकाल लागेपर्यंतचा तो तात्पुरता मनाई हुकूम. वाट अडवली तर आपल्याला हवा असतो तो हाच.

वाट अडवणं हा जुना धंदा

वाट अडवणाऱ्याला बहुतेक वेळा वाट नकोच असते. त्याला जमीन हवी असते, हिस्सा हवा असतो, नाहीतर जुना राग काढायचा असतो. नाक दाबलं की तोंड उघडतं, एवढंच त्याचं गणित. ऊस शेतात वाळू लागला की बाई पडत्या भावात जमीन देईल. म्हाताऱ्या सासूबाईंना मंदिरात जायला लांबून वळसा पडला की धाकटी जाऊ आपला हिस्सा सोडेल. म्हणून या भांडणात वेळ हेच शस्त्र असतं. दहा वर्षांनी ‘वाट तुमचीच’ असा निकाल आला, तर तोवर शेत विकून झालेलं असतं.

हे जुन्या लोकांना नीट माहीत होतं. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात वाट अडवणाऱ्याला दंड सांगितला आहे. माणसांची आणि लहान जनावरांची वाट अडवली तर १२ पण, मोठ्या जनावरांची अडवली तर २४ पण. जेवढी मोठी वाट, तेवढा मोठा दंड. बृहस्पतीच्या नावावर असलेल्या स्मृतिवचनांत तर आपल्या वाड्यांतल्या भांडणांची यादीच आहे म्हणा ना. घर बांधल्यापासून जी खिडकी, जी मोरी, जे पाणी जाण्याचं तोंड जसं वापरात आहे, ते शेजाऱ्याने हलवू नये. ज्या वाटेने माणसं आणि गुरं बिनहरकत ये-जा करतात, ती कोणी रोखू नये.

नारदस्मृतीत ‘आसेध’ नावाची एक सोय आहे. दावा केला, पण प्रतिवादी अजून उत्तर द्यायला आलेला नाही, अशा वेळी त्याला राजाच्या नावाने अडवून ठेवायचं. हा आसेध चार प्रकारचा: जागेचा, काळाचा, प्रवासाचा आणि कामाचा. म्हणजे इथून हलू नकोस, अमुक वेळेपर्यंत थांब, गाव सोडून जाऊ नकोस, हे काम करू नकोस. आजचा मनाई हुकूम या चौथ्याच्या अगदी जवळचा. मला कौतुक वाटलं ते त्याच्या अपवादांचं. पिकात गुंतलेला शेतकरी, गुरं चारणारा गुराखी, लग्नाला उभा राहिलेला, आजारी, संकटात सापडलेला, यांना आसेध लावायचा नाही. आत्ता अडवलं तर कोणाचं किती नुकसान होईल, हा विचार तिथेही आहे. तो पुढे पुन्हा भेटणार आहे.

मराठी राज्यात हेच काम ‘दुराही’ करत असे. राज्यकर्त्याच्या नावाने घातलेली मनाई म्हणजे दुराही. गोतसभेपुढे वाद जाऊन निवाडा होईपर्यंत भिंत उचलू नको, नांगर घालू नको, तुला सरकारची दुराही आहे, असं बजावायचं. दुराही मोडणं म्हणजे शेजाऱ्याशी भांडणं नव्हे, सरकारचा अपमान करणं. आपल्या आज्या ‘तुला देवाची आण आहे’ म्हणून भांडण थांबवायच्या, तोच सूर.

रोमची वाट

आता थोडं लांब जाऊ, कारण आजच्या कायद्यातली एक महत्त्वाची अट तिथून आली आहे. प्राचीन रोममध्ये प्रेटर नावाचा न्यायाधिकारी असे. खाजगी वाटेसाठी त्याचा एक ठरावीक हुकूमच होता. या वर्षात तू ही वाट वापरली असशील, आणि ती बळजबरीने, चोरून किंवा समोरच्याच्या मेहेरबानीने वापरली नसशील, तर तुला अडवायला मी मनाई करतो, असा त्याचा अर्थ. वर्षभरात साधारण ३० दिवस तरी वाट वापरलेली असावी, असं तिथले कायदेपंडित म्हणत. मालकीचा कागद दाखवावा लागत नसे. कालपर्यंत वाट चालू होती ना, एवढंच पाहायचं.

बळजबरी नाही, चोरी नाही, मेहेरबानी नाही. या तीन गोष्टी लक्षात ठेवा. १८८२ च्या आपल्या सुविधाधिकार कायद्यात, म्हणजे वकील ज्याला ईझमेंट अ‍ॅक्ट म्हणतात त्यात, कलम १५ मध्ये त्याच वेगळ्या शब्दांत आल्या आहेत. दुसऱ्याच्या जमिनीवरून जाणारी वाट २० वर्षं शांतपणे, उघडपणे, हक्क म्हणून आणि खंड न पडता वापरली, तर तो हक्क पक्का होतो. सरकारी जमीन असेल तर ३० वर्षं. आणि ही वर्षं दावा लावण्याच्या आधीच्या २ वर्षांच्या आत संपलेली असली पाहिजेत. म्हणजे वाट बंद होऊन तीन-चार वर्षं गप्प बसलात, तर आधीची पन्नास वर्षंही या कलमाखाली उपयोगी पडत नाहीत.

यातली ‘मेहेरबानी’ आपल्या घरांत फार घोटाळा करते. आपण बायका स्वभावाने गोड बोलून काम काढणाऱ्या. वाट अडली की चिठ्ठी जाते, ‘भाऊजी, कृपा करून आम्हाला जाऊ द्यावं.’ पुढे कोर्टात तीच चिठ्ठी उलटते. हक्क होता तर परवानगी का मागितली? गोड बोलायला हरकत नाही, पण लिहिताना ‘आमच्या नेहमीच्या वाटेवर आपण अडथळा केला आहे, तो काढावा’ असं लिहावं. उलट बाजूही सांगते. आपण शेजाऱ्याला दयेने आपल्या परसातून जाऊ देत असू, तर ही परवानगी आहे, हक्क नाही, एवढं दोन ओळींत लिहून त्याची सही घ्यावी. दया करायला कोणी नको म्हणत नाही. ती दया आहे हे कागदावर असू द्यावं.

त्याच कायद्यात कलम १३ आहे. भावांत वाटणी झाली आणि एकाचा हिस्सा मागच्या बाजूला अडकला, दुसऱ्याच्या हिश्श्यातून गेल्याशिवाय रस्त्याला लागताच येत नाही, तर गरजेपोटी त्याला वाट मिळते. तिथे २० वर्षं मोजायची नसतात. वाटणीपत्रावर सही करताना आपण चौरस फूट मोजतो, सोन्याचे तोळे मोजतो. माझ्या हिश्श्यात शिरायची वाट कागदावर आहे का, हे कोणी बघत नाही. ते आधी बघा.

मामलेदाराची कचेरी

१८१८ मध्ये पेशवाई गेली. कंपनी सरकारला लवकरच कळलं की शेताच्या ताब्याचे आणि वाटेचे तंटे दिवाणी कोर्टात रेंगाळले तर गावात डोकी फुटतात. म्हणून हे तंटे झटपट मिटवायचं काम महसूल अधिकाऱ्यांकडे ठेवण्याची रीत मुंबई इलाख्यात पडली. १८६४ आणि १८७६ साली मामलेदार कोर्टांचे कायदे झाले आणि शेवटी १९०६ चा मामलेदार कोर्ट कायदा आला. तो आजही लागू आहे. मामलेदाराचा तहसीलदार झाला, कायद्याचं नाव तेच राहिलं.

त्याच्या कलम ५ प्रमाणे शेताकडे जाणाऱ्या वहिवाटीच्या रस्त्यावर कोणी अडथळा केला, तर तहसीलदार तो काढायला लावू शकतात, आणि अडथळा करू पाहणाऱ्याला मनाईही करू शकतात. अट एकच, आणि ती कडक आहे. अडथळा झाल्यापासून ६ महिन्यांच्या आत दावा लावायला हवा. तहसीलदार मालकी ठरवत नाहीत. वाट चालू होती का आणि ती अडवली का, एवढंच पाहतात. निकाल पटला नाही तर दिवाणी कोर्टाचा दरवाजा उघडा असतोच.

माझ्या आत्यावर ही वेळ आली होती, साधारण १९७४ साली. ऐन तिशीत वैधव्य आलेलं, पदरात दोन मुली, वारणेकाठी अडीच एकर ऊस. भावकीतल्या एकाला ती जमीन हवी होती. त्याने तोडणीच्या तोंडावर पाणंदीत बाभळीच्या काट्या टाकल्या आणि त्यापुढे चर खणला. बैलगाडी आत जाईना. ऊस उभ्याने वाळू लागला. गावातले शहाणे म्हणाले, “बाईमाणसानं कशाला कोर्टकचेरी? देऊन टाक जमीन.”

आत्या आठव्या दिवशी तालुक्याला गेली. तिच्याकडे वाटेचा कागद नव्हता. पण गावचे दोन म्हातारे साक्षीला तयार होते आणि आदल्या वर्षीची कारखान्याची ऊस वजनाची पावती होती. गेल्या साली याच वाटेने गाड्या गेल्या, नाहीतर ऊस काय उडत गेला? मामलेदार जागेवर आले, पंचनामा झाला. तिथे भावकीतला माणूस म्हणाला, वाट सासऱ्यांनी जबरदस्तीनं पाडली. आत्या पदर सावरून म्हणाली, “सासऱ्यांनी न्हवं, त्यांच्या आज्यानं घातलीया. तुमचा आजाबी ह्याच वाटंनं जात हुता.” दीड महिन्यात हुकूम झाला, चर बुजला. तारखेच्या दिवशी एसटी उशिरा यायची, घरी पोचेपर्यंत सूर्य मावळलेला असायचा, मग आत्या तशीच उपाशी निजायची. अर्ध्याहून जास्त ऊस हाती लागला, बाकीचा वाळला तो वाळलाच. समोरच्याने पुढे दिवाणी दावा लावला, तो बरीच वर्षं चालला. पण त्या सगळ्या वर्षांत पाणंद उघडी होती, आणि जमीन आजही माझ्या आतेबहिणींकडे आहे.

इथे एक फरक सांगून ठेवते, कारण तहसील कचेरीत लोक हमखास गोंधळतात. जुनी चालू वाट अडवली असेल तर १९०६ च्या कायद्याचं कलम ५. मुळात वाटच नाही आणि शेताला जायला बांधावरून वाट हवी आहे, तर १९६६ च्या महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम १४३. त्या निर्णयाविरुद्ध दिवाणी दावा लावायचा तर मुदत १ वर्षाची.

चॅन्सेलरची सदसद्विवेकबुद्धी

शेताची वाट झाली. पण बोळ, जिना, गच्ची, सोसायटीचं गेट यांचं काय? त्यासाठी दिवाणी कोर्ट, आणि त्याची रीत इंग्लंडहून आली.

इंग्लंडच्या साध्या कोर्टांत पूर्वी नुकसान झालं की भरपाई मिळे, पण नुकसान होण्याआधी ते थांबवायची सोय तुटपुंजी. वरातीमागून घोडं. मग लोक राजाच्या चॅन्सेलरकडे जाऊ लागले. सुरुवातीचे बरेचसे चॅन्सेलर धर्मगुरू असत. ते समोरच्या माणसाच्या सदसद्विवेकबुद्धीला हात घालत. कायद्याने काहीही असो, हे वागणं तुझ्या मनाला पटतं का? पटत नसेल तर थांब, नाहीतर तुरुंगात जाशील. साध्या कोर्टांचे न्यायाधीश यावर चिडले. शेवटी १६१६ साली राजा पहिला जेम्स याने चॅन्सेलरच्या बाजूने कौल दिला.

हा इतिहास सांगायचं कारण आहे. मनाई हुकूम मनाला धरून निघाला, म्हणून तो मागणाऱ्याचंही मन स्वच्छ हवं, अशी अट त्याला पहिल्यापासून चिकटली. काही लपवून, अर्धं सांगून कोर्टात गेलात तर हुकूम मिळत नाही, मिळालेला असला तर जातो. बाकी सगळं विसरलात तरी चालेल, ही अट विसरू नका.

आपल्याकडे १८५९ च्या पहिल्या दिवाणी प्रक्रिया संहितेत तात्पुरती मनाई आली. पुढे १९०८ ची संहिता आली, ती १ जानेवारी १९०९ पासून लागू झाली. त्यातला ऑर्डर ३९ हाच आजचा आधार.

रीत अशी. नुसता मनाईचा अर्ज करता येत नाही, आधी मूळ दावा लागतो. त्याच्यासोबत मनाईचा अर्ज आणि प्रतिज्ञापत्र. आपल्याकडच्या कोर्टांत या अर्जाला बहुधा ५ नंबरची निशाणी पडते, म्हणून वकील ‘एक्झिबिट फाइव्ह’ म्हणतात. तुमचे वकील फोनवर “पाचवर आज ऐकलं” असं म्हणाले, तर ते याच अर्जाबद्दल बोलत आहेत.

न्यायाधीश तीन गोष्टी तोलतात. सर्वोच्च न्यायालयाने त्या पुन्हा स्पष्ट केल्या आहेत. पहिली, वरवर पाहता तुमच्या म्हणण्यात दम आहे का? हक्क शेवटपर्यंत सिद्ध झाला पाहिजे असं नाही, पण तपासण्याजोगा असला पाहिजे. दुसरी, हुकूम दिला नाही तर पैशाने भरून न येणारं नुकसान होईल का? तिसरी, सोयीचं पारडं कोणाकडे झुकतं? म्हणजे हुकूम दिल्याने समोरच्याचं जेवढं अडेल, त्यापेक्षा न दिल्याने तुमचं जास्त अडतं का? मला हे आपल्या ताळेबंदासारखं वाटतं. फरक इतकाच की इथे दोन्ही बाजू जुळवायच्या नसतात, जड कोणती ते बघायचं असतं.

बोळाच्या गेटवर हे लावून पाहा. बोळातून वीस-पंचवीस वर्षं ये-जा आहे, शेजारी साक्षीला आहेत, जुन्या नकाशात बोळ आहे, म्हणजे पहिली गोष्ट झाली. घरात अंथरुणाला खिळलेलं माणूस आहे आणि दवाखान्यात न्यायला दुसरी वाट नाही, ही दुसरी. गेट उघडं ठेवल्याने दिरांचं काही अडत नाही, ही तिसरी. पण तुमच्या घराला पुढून दुसरा चांगला रस्ता असेल आणि तो अर्जात सांगितलाच नसेल, तर दुसरी आणि तिसरी तर ढासळतातच, शिवाय न्यायाधीशांचा तुमच्यावरचा विश्वासही जातो.

समोरच्याला न ऐकता हुकूम देणं हा अपवाद आहे. नोटीस पोचेपर्यंत भिंत उभी राहील, अशी घाई असेल तरच तो मिळतो. पूर्वी अशा एकतर्फी हुकुमांचा सुळसुळाट झाला, म्हणून १९७६ च्या दुरुस्तीने लगाम घातला. आता न्यायाधीशांना एकतर्फी हुकमाची कारणं लिहावी लागतात. तुम्हाला अर्ज, प्रतिज्ञापत्र आणि कागदांच्या प्रती समोरच्याला लगेच पाठवाव्या लागतात आणि तशा पाठवल्याचं प्रतिज्ञापत्र त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी द्यावं लागतं. कोर्टाने असा अर्ज ३० दिवसांत निकाली काढायचा प्रयत्न करावा, असंही त्यात आहे. त्याच दुरुस्तीने कॅव्हेट आलं. समोरचा आपल्याविरुद्ध हुकूम आणेल असं वाटलं तर आधीच कळवून ठेवायचं, की मला ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नका. ते ९० दिवस चालतं.

हुकूम मोडला तर मालमत्तेवर जप्ती येऊ शकते, आणि ३ महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही. हुकूम पटला नाही तर अपील आहे. आणि खोट्या किंवा तोकड्या कारणावर मनाई मिळवली असं ठरलं, तर समोरच्याला ५० हजार रुपयांपर्यंत भरपाई देववण्याची तरतूद कलम ९५ मध्ये आहे.

कुलूप आधीच लागलं असेल तर

‘करू नको’ हे सांगणं सोपं. पण भिंत आधीच उभी असेल तर? तेव्हा कोर्टाला ‘काढ’ असं सांगावं लागतं. तात्पुरत्या टप्प्यावर असा हुकूम क्वचित मिळतो. १९९० साली मुंबईतल्या एका पारशी कुटुंबाच्या राहत्या घराचा वाद सर्वोच्च न्यायालयापुढे आला होता. घराचा अर्धा हिस्सा बाहेरच्या माणसाला विकला गेला होता. तिथे न्यायालयाने सांगितलं की असा हुकूम देताना पाहायची ती वादाआधीची शेवटची निर्विवाद स्थिती. भांडण सुरू होण्याच्या आदल्या दिवशी दार कसं होतं, तसं ते करायचं.

म्हणून तो आदला दिवस सिद्ध करता आला पाहिजे. माझ्या आत्याची वजनाची पावती म्हणजे तो आदला दिवस. आपल्याकडे आता मोबाईल आहे. लग्नाच्या व्हिडिओत बोळातून निघालेली वरात, नातवाच्या वाढदिवसाच्या फोटोत मागे दिसणारा उघडा जिना, गॅस सिलिंडर त्या दारी आल्याची पावती, हे सगळं पुरावा आहे. कोर्टाला सांगून कमिशनर नेमून जागेची पाहणीही करवता येते.

राहत्या जागेतून कायद्याची रीत सोडून कोणी बाहेर काढलं असेल, तर विनिर्दिष्ट अनुतोष कायद्याचं कलम ६ आहे. ६ महिन्यांत दावा लावला तर मालकी सिद्ध न करताही ताबा परत मिळू शकतो. पुन्हा तेच ६ महिने. आणि नवऱ्याच्या घरातून बाईला बाहेर काढलं जात असेल, तर २००५ च्या घरगुती हिंसाचार कायद्याखाली दंडाधिकाऱ्यांकडून राहण्याच्या हक्काचा अंतरिम आदेश मिळू शकतो. आपण जैन असलो तरी वारसाहक्कासाठी १९५६ चा हिंदू उत्तराधिकार कायदाच आपल्याला लागू आहे. त्यामुळे ‘जैनांत मुलीला हिस्सा नसतो’ असं कोणी दारात उभं राहून सांगत असेल, तर ते चूक आहे.

तात्पुरतं किती दिवस?

या हुकमाची दुसरी बाजूही सांगायला हवी. तात्पुरतं म्हणून जे थांबतं ते कधी कधी वर्षानुवर्षं तसंच राहतं, आणि ज्याच्या हातात ताबा असतो त्याचं फावतं. २०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने गोव्यातल्या एका बहीण-भावाच्या घराचा निकाल दिला. घर बहिणीचं, भाऊ तिथे सांभाळायला राहिलेला. कितीही वर्षं राहिला तरी सांभाळणाऱ्याचा घरावर हक्क होत नाही, असं न्यायालयाने म्हटलं, आणि अशा ताब्याला मनाईचं संरक्षण देताना सावध राहा, असं खालच्या कोर्टांना बजावलं. बहीण जिंकली, पण तिची कित्येक वर्षं गेली.

आणि आपल्या सगळ्यांच्या मनाला लागलेलं उदाहरण शिरपूरचं. वाशीम जिल्ह्यातल्या अंतरिक्ष पार्श्वनाथ भगवंतांच्या पूजेच्या वेळा १९०५ साली दोन्ही पंथांनी आपसांत ठरवल्या होत्या. पुढे दावा झाला, १९२९ साली लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत निकाल झाला, तरी वाद संपला नाही. १९८१ पासून मंदिराला कुलूप होतं. २०२३ साली सर्वोच्च न्यायालयाच्या अंतरिम आदेशानंतर दार उघडलं. कोणाचं बरोबर, कोणाचं चूक, हा या लेखाचा विषय नाही. पण मधल्या ४२ वर्षांत दोन्ही पंथांतल्या किती आज्या दाराशी जाऊन परतल्या असतील! वाट अडली की ती दोघांचीही अडू शकते. म्हणून तडजोडीचं दार कोर्टात गेल्यावरही बंद करू नये. दाव्यातली तडजोड कोर्टात नोंदवून घेतली की तिलाही हुकूमनाम्याचंच बळ येतं.

आता त्या तिघींसाठी, आणि पुढे जिच्यावर वेळ येईल तिच्यासाठी. अडथळा झाला त्या दिवसाची तारीख वहीत लिहा. त्याच दिवशी फोटो काढा. शेजारच्या दोन माणसांना दाखवून ठेवा. लेखी हरकत घ्या, पण परवानगी मागू नका. काट्या स्वतः उपसून किंवा कुलूप तोडून हाणामारीला निमित्त देऊ नका. मालमत्ता पत्रक किंवा सातबारा, वाटणीपत्र आणि जुना नकाशा एका पिशवीत घालून चांगल्या वकिलाकडे जा आणि त्यांच्यापासून काही लपवू नका, आपल्या विरुद्ध जाणारा कागदसुद्धा. ‘दिवाळी झाली की बघू, लग्न झालं की बघू’ करता करता ६ महिने निघून जातात. आत्या आठव्या दिवशी गेली होती.

पुढच्या लेखात वाटणीपत्र आणि हक्कसोडपत्र यांतला फरक लिहिते. बऱ्याच जणींनी विचारलं आहे, आणि हक्कसोडपत्रावर रक्षाबंधनाच्या दिवशी सही मागायची पद्धत आपल्याकडे आहे, त्याबद्दलही चार शब्द बोलायचे आहेत.

जय जिनेंद्र.